मागच्या कव्हरवरचं नाव: चार्ल्स स्टेपनी

नमस्कार मंडळी. फ्यूजीज ह्या हिपहॉप ग्रुपचं 'किलिंग मी सॉफ्टली' नव्वदच्या दशकात आपल्याकडेही भरपूर वाजलं, त्यात मधूनमधून सतारीसारखा एक तुकडा येऊन जातो बघा. तो १९९६ चा नाहीये. शिकागोच्या रोटरी कनेक्शन नावाच्या ग्रुपच्या, तेव्हा जवळजवळ तीस वर्षं जुन्या असलेल्या रेकॉर्डवरून उचललेला आहे, आणि फ्यूजीजच्या आधी ट्राइब कॉल्ड क्वेस्ट ह्या दुसऱ्या हिपहॉप ग्रुपनेही तोच वापरला होता. ती रेकॉर्ड ज्याने मांडली, म्हणजे जो तिचा अरेंजर होता, तो चार्ल्स स्टेपनी. जन्म १९३१, गेला १९७६ मध्ये, पंचेचाळिशीत, हार्ट अटॅकने.

अरेंजर म्हणजे गाण्याभोवती वाद्यं आणि कोरस कुठे, किती, कसे येतील ते मांडणारा, शंकर-जयकिशनच्या मागे सेबॅस्टियन डिसूझा होते हे तुमच्यातले जुन्या गाण्यांचे शौकीन झोपेतही सांगतील. स्टेपनी मूळचा जॅझवाला, पियानो आणि व्हायब्राफोन (धातूच्या पट्ट्यांवर ठोके देऊन वाजवायचं वाद्य) वाजवायचा. चेस रेकॉर्ड्समध्ये, म्हणजे ब्लूजवाला मडी वॉटर्स आणि रॉक अँड रोलवाला चक बेरी ज्या कंपनीसाठी गायचे तिथे, तो शिरला सेशनला वाजवायला आणि गाण्यांची नोटेशन्स उतरवायला. आता हे दुसरं काम अगदी कारकुनी. बरेच कलाकार कागद बघून गायचेच नाहीत, मग रेकॉर्डिंग झालं की कॉपीराइटसाठी कुणीतरी ऐकून ऐकून ते गाणं कागदावर उतरवायचं. पण विचार करा, दिवसभर दुसऱ्यांची गाणी सुरासुराने उसवायची म्हटल्यावर कान कसा तयार होत असेल! आणि हाच माणूस घरी जोसेफ शिलिंगरची गणिती संगीतरचनेची जाडजूड पुस्तकं वाचायचा, ती त्याने मित्राला, मुहाल रिचर्ड एब्रम्सला, वाचायला दिली. एब्रम्स १९६५ मध्ये शिकागोच्या प्रयोगशील वादकांची एएसीएम ही संस्था काढणाऱ्यांपैकी एक. म्हणजे एका बाजूला ब्लूजचं दुकान, दुसऱ्या बाजूला ही मंडळी, आणि मधे स्टेपनी.

त्याची खरी करामत कुठे दिसते सांगू? डेल्स नावाच्या गायकांच्या ग्रुपच्या 'स्टे इन माय कॉर्नर'मध्ये. हे गाणं त्यांनी १९६५ ला एकदा केलेलंच होतं, चारचौघांसारखं, नेहमीच्या सिंगलच्या लांबीचं. १९६८ मध्ये परत केलं, बॉबी मिलर प्रोड्युसर आणि अरेंजमेंट स्टेपनीची, आणि ते झालं सहा मिनिटांच्या वर. रेडिओवर तीन मिनिटांचा जमाना होता तो! तरी आर अँड बी (रिदम अँड ब्लूज) चार्टवर एक नंबर, पॉपच्या पहिल्या दहात. त्यात डेल्सचा गायक मार्व्हिन ज्युनिअर एक सूर पंधराएक सेकंद धरून ठेवतो, लोक त्याच्या दमाचं कौतुक करतात आणि करावंच, पण तो सूर टाकायला जी जागा लागते ती कुणी ठेवली? घाईच नाही कुठे. गायकाला वाट बघायला लावायची, ऐकणाऱ्यालाही लावायची, आणि मग सोडायचं. स्टेपनीचं सगळं काम मला तरी ह्या एका गोष्टीभोवती फिरताना दिसतं.

हे सगळीकडे जमलं असं नाही हं. चेसच्या मालकाचा मुलगा मार्शल चेस, त्याच्या डोक्यातून निघालेली, मडी वॉटर्सच्या ब्लूजला सायकेडेलिक रॉकचा साज चढवणारी 'इलेक्ट्रिक मड', १९६८, तिथेही स्टेपनी होता, ऑर्गनवर आणि अरेंजमेंटलाही, गिटारला पीट कोझी आणि फिल अपचर्च. समीक्षकांनी झोडपली, पुढे हिपहॉपवाल्यांनी डोक्यावर घेतली, मला आवडते. पण पुढच्या वर्षी हाउलिन वुल्फ ह्या दुसऱ्या ब्लूज गायकावर तोच प्रयोग केला तो वुल्फला अजिबात आवडला नाही, आणि कंपनीने चक्क कव्हरवरच छापलं की त्याला हा अल्बम आवडलेला नाही! माझ्या मते वुल्फ बरोबर होता. ज्या आवाजाला जागा लागतच नाही, जो स्वतःच खोली भरून टाकतो, त्याच्याभोवती एवढं सामान कशाला?

मिनी रिपरटनचं नेमकं उलटं. चेसमध्ये रिसेप्शनिस्ट होती ती, रोटरी कनेक्शनमध्ये गायची. तिचा पहिला सोलो अल्बम 'कम टू माय गार्डन', १९७०, स्टेपनीनेच केला, पियानोवर रॅम्झी लुईस, ड्रम्सवर मॉरिस व्हाइट. पहिलंच गाणं 'ले फ्लर' ऐका, कडव्यात ती कानाशी आल्यासारखी हळू गाते, वाद्यं जेमतेम, आणि मग कोरस आणि ब्रास एकदम अंगावर येतात, पुन्हा सगळं खाली. अल्बम तेव्हा विकला गेला नाही. तेच गाणं २०१९ च्या एका हॉलिवूड हॉररपटाच्या शेवटी वाजलं आणि लोक शोधत सुटले.

तो ड्रमर मॉरिस व्हाइट मात्र विसरला नाही. त्याने 'अर्थ, विंड अँड फायर' हा बँड काढल्यावर स्टेपनीला बोलावलं, १९७४ च्या अल्बमपासून तो सोबत आला, आणि १९७५ चा 'दॅट्स द वे ऑफ द वर्ल्ड' अमेरिकेत एक नंबरला गेला. शीर्षकगीतात आणि 'रीझन्स'मध्ये लेखकांत स्टेपनीचं नाव आहे. म्हणजे इतक्या वर्षांनी पैसा आणि नाव दोन्ही यायला लागलं, आणि पुढच्या मे महिन्यात माणूस गेला. 'स्पिरिट' अल्बम अर्धा झालेला होता, तो त्यांनी त्यालाच अर्पण केला.

घराच्या तळघरात चार ट्रॅकच्या टेपवर एकट्याने वाजवून ठेवलेलं बरंच काही होतं, मूग सिंथेसायझर, कीबोर्ड, रिदम मशीन, सगळं स्वतःच. मुलींनी त्या टेप्स जपल्या आणि २०२२ मध्ये 'स्टेप ऑन स्टेप' नावाने रेकॉर्ड निघाली, मुखपृष्ठावर पहिल्यांदाच एकट्या त्याचं नाव. ती मला थोडी कच्ची वाटते, आराखडेच आहेत ते, पण कोरस आणि व्हायोलिनं यायच्या आधी त्याच्या डोक्यात काय चालायचं ते कळतं.

बरं, मी फार बोललो. शिकागोच्याच टेरी कॅलियर ह्या गायकाबद्दल एक अक्षर बोललो नाही कारण त्याचं 'डान्सिंग गर्ल' आता लावणार आहे, अरेंजमेंट आणि प्रोड्युसर दोन्ही स्टेपनीच, नऊएक मिनिटांचं आहे. सुरुवातीला काहीच घडत नाहीये असं वाटेल, उठून चहाला जाऊ नका.