उणे चाळीसमध्ये चालणारा कॅमेरा : लारिसा शेपितको

वारा, भुरभुरतं बर्फ, त्यात बुडालेले तारेचे खांब. पडदा जवळजवळ कोराच. मग त्याच बर्फातून माणसं उठून उभी राहतात. हा 'आरोहण', १९७७ चा सोव्हिएत चित्रपट. दिग्दर्शिका लारिसा शेपितको.

हे बर्फ स्टुडिओतलं नाही. चित्रीकरण झालं रशियातल्या मुरोम शहराजवळ, पारा उणे चाळीसपर्यंत उतरायचा तेव्हा. अशा थंडीत आधी कॅमेराच हट्टाला पेटतो. वंगण घट्ट होतं, मोटर मंदावते, बॅटरी बसते. फिल्म ठिसूळ होते आणि दातेरी चाकावर भोकांपाशी फाटते. हवा कोरडी असली की फिल्म घासून ठिणगी पडते आणि निगेटिव्हवर झाडाच्या फांद्यांसारख्या रेघा उमटतात. कॅमेरा तसाच उबदार खोलीत नेला, तर लेन्सवर दव धरतं.

बर्फाची आणखी एक खोड आहे. लाइटमीटर पांढऱ्यालाही करडं समजतो. त्याचं ऐकलं तर बर्फ मळकट येतं आणि माणसाचा चेहरा काळवंडतो. म्हणून लेन्सचं छिद्र एक ते दोन स्टॉप जास्त उघडावं लागतं (एक स्टॉप म्हणजे दुप्पट प्रकाश). पण जास्तच उघडलं, की बर्फातला तपशील जळून जातो. आता 'आरोहण'मधले हे चेहरे बघा. मागचं पांढरं जवळपास रिकामं, आणि पुढे पापणीवरचं हिमसुद्धा दिसतंय. छायाचित्रकार होते व्लादिमिर चुखनोव.

एवढा अट्टहास कशासाठी? गोष्ट दुसऱ्या महायुद्धातल्या दोन पार्टिझन, म्हणजे गनिमी सैनिकांची आहे, वासिल बिकोव यांच्या कादंबरिकेवरून घेतलेली. दोघं अन्न शोधायला निघतात आणि जर्मनांच्या हाती लागतात. सोत्निकोव आजारी, खोकून बेजार, पण तो वाकत नाही. रिबाक धडधाकट, आणि जगण्यासाठी तो शत्रूच्या पोलिसांत जातो. कोणाचं शरीर किती सोसतं, यावरच हा सगळा पेच उभा आहे. गारठलेले ओठ मेकअपने दाखवता आले असते. बोलताना अडखळणारा जबडा मात्र मेकअपने येत नाही. मुख्य भूमिकांसाठी लारिसांनी पडद्यावर अनोळखी असलेले चेहरे निवडले : बोरिस प्लोत्निकोव आणि व्लादिमिर गोस्त्युखिन. हा निर्णय आम्हाला चित्रपटातला सर्वांत शहाणपणाचा वाटतो. कोण टिकेल आणि कोण मोडेल, याचा अंदाज प्रेक्षकाला नटाच्या आधीच्या भूमिकांवरून बांधताच येत नाही.

लारिसांचा जन्म ६ जानेवारी १९३८ चा, युक्रेनमधल्या आर्त्योमोव्स्कचा, म्हणजे आजच्या बाखमुतचा. सोळाव्या वर्षी त्या मॉस्कोच्या चित्रपट संस्थेत दाखल झाल्या. गुरू दिग्दर्शक अलेक्सांद्र दोव्झेन्को. पण १९५६ मध्ये ते गेले, म्हणजे त्यांचा सहवास मिळाला जेमतेम दीड वर्ष.

पदविकेसाठी केलेला 'उकाडा' (१९६३) किर्गिझ गवताळ माळावरचा, चिंगिझ आइत्मातोव यांच्या कथेवरून. तिथे पारा ५० अंशांकडे. एवढ्या उष्णतेत फिल्मवरचा जिलेटिनचा थर मऊ पडतो, कॅमेऱ्यातल्या गेटला, म्हणजे फिल्म सरकते त्या चौकटीला, चिकटतो आणि ओरखडतो. त्यात लारिसांना कावीळ झाली. काही दिवस त्यांनी स्ट्रेचरवरून दिग्दर्शन केलं. संकलनाला सहाध्यायी एलेम क्लिमोव मदतीला आले. पुढे दोघांचं लग्न झालं.

'पंख' (१९६६) मात्र भर वस्तीतला. युद्धातली लढाऊ वैमानिक नादेझ्दा आता व्यवसाय शाळेची मुख्याध्यापिका आहे. सुरुवातीलाच शिंपी तिच्या अंगाची मापं घेतो. बाईला साच्यात बसवणं म्हणजे काय, ते टेपने मोजून दाखवलंय. माया बुल्गाकोवा यांनी ही नादेझ्दा कुठेही बिचारी होऊ दिलेली नाही.

नंतर आंद्रेइ प्लातोनोव यांच्या कथेवरचा लघुपट 'विजेची जन्मभूमी' (१९६७) तयार झाला, आणि सरकारने तो कपाटात बंद केला.

'आरोहण'चंही तेच व्हायचं होतं. सोत्निकोवमध्ये होणारा ख्रिस्ताचा भास अधिकाऱ्यांना खटकत होता. क्लिमोव यांनी बेलारूसचे पक्षप्रमुख प्योत्र माशेरोव यांच्यासाठी खास खेळ लावला. माशेरोव स्वतः पार्टिझन होते. त्यांनी पसंती दिली आणि चित्रपट सुटला. त्याच वर्षी बर्लिन महोत्सवात त्याला सर्वोच्च सन्मान मिळाला, 'सोनेरी अस्वल'.

पुढचा चित्रपट वालेंतिन रास्पुतिन यांच्या कादंबरीवर, धरणाखाली जाणाऱ्या बेटाचा. २ जुलै १९७९ रोजी, जागा पाहण्याच्या दौऱ्यात, कालिनिनजवळच्या (आजचं त्वेर) महामार्गावर लारिसांची मोटार ट्रकवर आदळली. त्यांच्यासोबत छायाचित्रकार चुखनोव आणि कलादिग्दर्शक युरी फोमेन्कोही गेले. लारिसा ४१ वर्षांच्या होत्या.

धरणाचा तो चित्रपट क्लिमोव यांनी 'निरोप' या नावाने पुरा केला. १९८६ मध्ये ते चित्रपटकर्त्यांच्या संघाचे प्रमुख झाले आणि अडकवलेले चित्रपट एकेक करून सुटू लागले. 'विजेची जन्मभूमी' लोकांसमोर आली १९८७ मध्ये, चित्रीकरणानंतर वीस वर्षांनी.