कॅसलिंग चालेल का, असं विचारणारा कोर्चनॉय

मंडळी, परवा क्लासमध्ये एका मुलीने विचारलं, सर, हत्तीवर मारा असेल तर कॅसलिंग (राजा आणि हत्ती एकाच चालीत हलवायची खास चाल) चालतं का, आणि मागची दोनचार पोरं हसली. मी त्यांना थांबवलं. कारण हाच प्रश्न १९७४ साली मॉस्कोत एका खेळाडूने विचारला होता, सोव्हिएत युनियनच्याच अनातोली कार्पोवविरुद्धच्या मॅचच्या २१ व्या डावात, तोही सरळ आर्बिटरकडे, म्हणजे पंचाकडे जाऊन. वय ४३, चार वेळा सोव्हिएत युनियनचा चॅम्पियन झालेला ग्रँडमास्टर, नाव विक्टर कोर्चनॉय. आर्बिटर ओकेली यांनी सांगितलं की चालतं (राजाला शह नको आणि राजा ज्या घरांवरून जातो तिथे मारा नको, हत्तीवर असला तरी चालतो), मग त्याने कॅसलिंग केलं आणि कार्पोवने १९ व्या चालीला डाव सोडला. ज्याला शंका आली त्याने विचारावं, मला हा माणूस आवडायला लागला तो इथून, म्हणून आज त्याच्याबद्दलच बोलतो.

जन्म लेनिनग्राडचा, २३ मार्च १९३१. म्हणजे १९४१ च्या सप्टेंबरात जर्मन सैन्याने शहराला वेढा घातला तेव्हा हा दहा वर्षांचा, आणि वेढा ८७२ दिवस चालला. ज्या वडिलांनी हातात बुद्धिबळाचे मोहरे दिले ते त्या पहिल्याच वर्षी युद्धात गेले, आणि मुलाला सांभाळलं सावत्र आईने. पहिल्या हिवाळ्यातल्या सगळ्यात वाईट दिवसांत मुलांना दिवसाला १२५ ग्रॅम पाव मिळत होता आणि त्यातही भुसा मिसळलेला. असा वाचलेला मुलगा पुढे पायोनियर पॅलेसच्या (सोव्हिएत मुलांसाठीचं सरकारी केंद्र) बुद्धिबळ क्लबात जायला लागला, १९४७ ला ज्युनियर चॅम्पियन, १९५६ ला ग्रँडमास्टर.

त्याच्या खेळात एक गोष्ट अशी आहे जी मी मुलांना आवर्जून दाखवतो. समोरच्याने प्यादं पुढे केलं, की हा घ्यायचा. आपण सगळे शिकतो की बाबा सापळा असेल, जपून, आणि हा म्हणणार आधी घेतो, आता तू मला मारून दाखव. माजी वर्ल्ड चॅम्पियन मिखाईल ताल, ज्याच्या बलिदानांपुढे (हल्ल्यासाठी मुद्दाम दिलेल्या मोहऱ्यांपुढे) भलेभले कोसळले, त्याचा कोर्चनॉयविरुद्धचा रेकॉर्ड खूपच वाईट आहे, कारण हा माणूस दिलेलं सगळं खायचा, मग तासन्तास बचाव करायचा आणि समोरच्याचा दम संपला की उलटा हल्ला. काही लोक ह्याचा संबंध लेनिनग्राडच्या उपासमारीशी जोडतात. मला ते पटत नाही. दुसरा वर्ल्ड चॅम्पियन स्पास्कीही लेनिनग्राडचाच, वेढ्याच्या काळात लहानपणी शहराबाहेर हलवलेला, आणि तो पूर्ण वेगळा खेळायचा. बालपण काहीही असो, ही पद्धत कोर्चनॉयने स्वतः घासून घासून कमावली असं मी मानतो.

आता १९७४ ची ती मॅच. ती जिंकणाऱ्याला तेव्हाचा वर्ल्ड चॅम्पियन, अमेरिकेचा फिशर, ह्याच्याशी खेळायचं होतं. कार्पोव ३-० ने पुढे होता, मग कोर्चनॉयने दोन डाव काढले, शेवटी ३-२ आणि १९ ड्रॉ. फिशर नंतर खेळायलाच आला नाही, म्हणून ही मॅच जिंकणारा कार्पोव वर्ल्ड चॅम्पियन झाला. कोर्चनॉयने मॅचनंतर एका युगोस्लाव्ह पेपरला मुलाखत दिली आणि कार्पोवच्या खेळाबद्दल जे वाटतं ते बोलून टाकलं, त्याची शिक्षा म्हणून परदेश दौरे बंद, मानधनात कपात. १९७६ मध्ये पुन्हा बाहेर खेळायला सोडलं तर ॲमस्टरडॅममध्ये इंग्लंडच्या टोनी माइल्सबरोबर पहिला आला आणि स्पर्धा संपल्यावर तिथेच पोलीस स्टेशन गाठून आश्रय मागितला. इंग्रजीत तो शब्द कसा लिहायचा हे त्याने माइल्सलाच विचारून घेतलं होतं असं सांगतात. बायको बेला आणि मुलगा इगोर मागे लेनिनग्राडमध्येच. इथे थांबून विचार करा, ४५ व्या वर्षी देश सोडलेला माणूस, घरचे लोक हातात नाहीत, आणि सोव्हिएत खेळाडू तर हा ज्या स्पर्धेत असेल तिथे येतच नाहीत, म्हणजे आयोजकच ह्याला बोलवायला घाबरायचे.

आणि तरी पुढच्या दोन वर्षांत त्याने पेट्रोसियन, पोलुगायेव्हस्की आणि स्पास्की असे तिघे सोव्हिएत खेळाडू एकामागून एक हरवले आणि पुन्हा कार्पोवसमोर बसला. फिलिपिन्समधलं बागियो शहर, जुलै ते ऑक्टोबर १९७८. नियम असा की जो आधी सहा डाव जिंकेल तो चॅम्पियन, ड्रॉ धरायचेच नाहीत. त्या मॅचबद्दल लोकांना आठवतं ते दही. कार्पोवला डाव चालू असताना दही आणून दिलं आणि कोर्चनॉयच्या बाजूने लेखी तक्रार गेली की त्याच्या रंगातून, वेळेतून सल्ला पोचवता येईल. मग खुर्च्यांची तपासणी, आरशासारखे चष्मे, प्रेक्षकांत बसून टक लावून बघणारा सोव्हिएत मानसशास्त्रज्ञ. कोर्चनॉयने मग आनंदमार्ग ह्या आध्यात्मिक पंथाचे एक दादा आणि एक दीदी (तिथल्या साधकांना असंच म्हणतात) जवळ केले, ध्यान शिकण्यासाठी. ते दोघे अमेरिकन, मनिलातल्या एका भारतीय राजनैतिक अधिकाऱ्याच्या खुनाच्या प्रयत्नाच्या खटल्यात शिक्षा होऊन जामिनावर सुटलेले, त्यामुळे त्यावरही गदारोळ झाला.

पण मला ह्या सगळ्यापेक्षा पटावरचं सांगायचंय. पाचवा डाव १२४ चाली चालला आणि स्टेलमेट झाला (राजाला शह नाही आणि करायला चालही नाही, म्हणून ड्रॉ), वर्ल्ड चॅम्पियनशिपचा सर्वात लांब डाव म्हणून तो २०२१ पर्यंत टिकला. त्यात कोर्चनॉयला सरळ मात दिसायला हवी होती, वेळ कमी होता, उंटाचा शह चुकीच्या घरातून दिला गेला. २७ व्या डावानंतर स्कोअर ५-२. कार्पोवला एकच डाव हवा. आणि इथून ह्या ४७ वर्षांच्या माणसाने २८ वा जिंकला, २९ वा जिंकला, ३० वा ड्रॉ, ३१ वा जिंकला. ५-५! मी ते डाव लागोपाठ पटावर लावून बघतो तेव्हा अजूनही घशाशी काहीतरी येतं, खरं सांगतो, कारण पुढे काय होणार ते माहीत असतं. ३२ वा कार्पोवने जिंकला.

१९८१ ला इटलीतल्या मेरानोला वर्ल्ड चॅम्पियनशिपसाठी पुन्हा तेच दोघे, तेव्हा कार्पोव ६-२ ने सहज जिंकला. त्या वेळी इगोर सैन्यात जायला नकार दिला म्हणून लेबर कॅम्पमध्ये होता, सुटला १९८२ ला आणि मग घरच्यांना देश सोडता आला. मुलगा तिकडे कैदेत असताना बाप इकडे डाव मोजतोय, ह्यावर मी जास्त काही बोलत नाही.

१९८३ चं मात्र सांगतो. कार्पोवला आव्हान कोण देणार हे ठरवणाऱ्या स्पर्धेची कास्पारोवशी (पुढचा वर्ल्ड चॅम्पियन) सेमीफायनल अमेरिकेत पासाडेनाला ठरली होती, सोव्हिएत फेडरेशनने वीस वर्षांच्या कास्पारोवला पाठवलंच नाही, आणि कोर्चनॉयला न खेळता विजय मिळाला. कागदावर तो पुढे गेला होता. ज्या फेडरेशनने ह्याला सात वर्षं वाळीत टाकलं त्यांच्यावर सूड घ्यायची ही वेळ होती, पण ह्याने लंडनला खेळायची तयारी दाखवली, पहिला डाव जिंकला आणि मॅच ७-४ ने हरला. नंतर बहिष्कारही उठला.

पुढे तो स्वित्झर्लंडचा झाला. २००६ ला सीनियर वर्ल्ड चॅम्पियन, आणि पंचाहत्तरीत जगातल्या पहिल्या शंभर खेळाडूंत नाव, हे मला कुठल्याही कपापेक्षा मोठं वाटतं. १८८९ साली जन्मलेल्या लेव्हेनफिशपासून १९९० च्या मॅग्नस कार्लसनपर्यंत सगळ्यांशी खेळलेला माणूस होता हा. २०११ ला जिब्राल्टरमध्ये १८ वर्षांचा फाबियानो कारुआना समोर, रेटिंग २७०० च्या वर (म्हणजे जगातल्या अव्वल खेळाडूंच्या पातळीचं), आणि ७९ वर्षांच्या कोर्चनॉयने काळ्या मोहऱ्यांनी त्याला हरवलं, त्याच वर्षी स्विस चॅम्पियनही झाला. मग पॅरालिसिसचा झटका आला. २०१५ च्या फेब्रुवारीत झ्युरिकला व्हीलचेअरवर बसून त्याने जुन्या पूर्व जर्मनीच्या वोल्फगांग उलमानशी चार रॅपिड (कमी वेळाचे) डाव खेळले. दोघंही ऐंशीच्या घरात किंवा जवळ. २-२ झाले.

तो कॅसलिंगचा डाव आता स्क्रीनवर लावतो, मुलांनो पुढे या.