इंडियानाचा २०२४चा हंगाम: गोंगाट, पंट आणि पोर्टल

मंडळी, पत्रिकेवर विषय छापलाय तो 'पोर्टलमधून संघ कसा उभारतात' असा. पोर्टल म्हणजे एका विद्यापीठातून दुसऱ्यात जाऊ पाहणाऱ्या खेळाडूंची नोंदवही. त्याकडे येतोच. पण आधी एका वाक्याचा बंदोबस्त करायचाय. कर्ट सिग्नेटी ३० नोव्हेंबर २०२३ला इंडियाना विद्यापीठाच्या अमेरिकन फुटबॉल संघाचे मुख्य प्रशिक्षक झाले. 'खेळाडूंना कसं पटवता?' असं कुणीतरी विचारल्यावर ते म्हणाले, "मी जिंकतो. मला गूगल करा." तेव्हापासून या संघाबद्दलचं प्रत्येक बोलणं याच वाक्यापासून सुरू होतं. मला याचा मनापासून राग येतो. आदल्या हंगामात ३ विजय आणि ९ पराभव असलेला संघ पुढच्या हंगामात पहिले १० सामने ओळीने जिंकतो, ते एका वाक्याच्या जोरावर नव्हे. मिशिगनला २०-१५, नेब्रास्काला ५६-७, आणि शेवटच्या साखळी सामन्यात पर्ड्यूला ६६-०. ज्यांची मुलं पर्ड्यूत शिकतायत, त्यांनी हा आकडा ऐकलाच नाही असं समजावं. (हशा)

पण हा संघ नीट कळतो तो त्या मोसमातल्या पहिल्या पराभवात. २३ नोव्हेंबर २०२४, कोलंबस, ओहायो स्टेटचं मैदान, एक लाखाच्या वर माणसं. इंडियानाने पहिला टचडाउन केला, म्हणजे चेंडू समोरच्यांच्या टोकाच्या पट्ट्यात नेला, ७-०. आणि सामना संपला ३८-१५.

तिथे काय बिघडतं ते जवळून बघा. एरवी क्वार्टरबॅक, म्हणजे आक्रमण चालवणारा आणि पास फेकणारा, ओरडून ठेका देतो आणि त्याच्यापुढे भिंत करून उभे असलेले पाचही लाइनमन (मध्ये सेंटर, त्याच्या दोन्ही बाजूंना गार्ड, टोकांना टॅकल) एकाच क्षणी हलतात. त्या गोंगाटात शेजारच्याचंसुद्धा ऐकू येत नाही. मग मुका ठेका. गार्ड मान वळवून मागे क्वार्टरबॅककडे बघत राहतो. क्वार्टरबॅकने पाय उचलला की गार्ड सेंटरला चापटी मारतो, सेंटर मान हलवतो आणि ठरलेल्या मोजणीनंतर चेंडू मागे देतो. बाहेरच्या टोकाला उभ्या टॅकलला यातलं काही धड दिसत नाही. डोळ्याच्या कोपऱ्यातून चेंडू हललेला दिसला की तो हलतो. म्हणजे अर्धा क्षण उशीर. समोरचा बचावपटू मात्र चेंडूकडेच टक लावून बसलेला. मोजणी दर वेळी सारखीच ठेवली तर त्याला ती पाठ होते. सतत बदलली तर आपलाच माणूस आधी हलतो आणि ५ यार्डांचा दंड बसतो. त्या दिवशी इंडियानाचा क्वार्टरबॅक कर्टिस रूर्क ५ वेळा सॅक झाला, म्हणजे पास फेकण्याआधीच पाडला गेला, आणि इंडियानाच्या संपूर्ण आक्रमणाला १५१ यार्डच मिळाले. ऑगस्टपासूनच त्याच्या गुडघ्याचा लिगामेंट फाटलेला होता. बाहेर कळलं ते जानेवारीत! तशा गुडघ्यावर तो पळणार तरी किती?

आणि तो पंट, म्हणजे पुढे सरकता येत नाही तेव्हा चेंडू लांब लाथाडून समोरच्यांना देणं. पंटर साधारण १४-१५ यार्ड मागे उभा असतो. स्नॅप, म्हणजे मागे फेकलेला चेंडू, पाऊण सेकंदात त्याच्या हातात यायला हवा आणि चेंडू दोन सेकंदांच्या आसपास पायावरून सुटायला हवा, नाहीतर किक अडवली जाते. त्यात नजर चेंडूवरून धावून येणाऱ्यांकडे गेली की संपलं. मध्यंतराच्या तोंडावर इंडियानाच्या पंटरच्या हातून स्नॅप निसटला आणि तो स्वतःच्याच ७ यार्डांच्या रेषेजवळ पकडला गेला. लगेच ओहायो स्टेट १४-७ ने पुढे. तिसऱ्या क्वार्टरमध्ये दुसरा पंट ओहायो स्टेटच्या केलेब डाउन्सने ७९ यार्ड पळवत परत आणला: २१-७. पंट नुसता लांब जाऊन चालत नाही. ४५ यार्डांची किक साडेचार सेकंद हवेत राहिली तर आपली माणसं तिथे पोहोचतात. तीच सपाट गेली की झेलणाऱ्याला मोकळं अंगण. पंटचा सराव बहुतेक ठिकाणी दिवसाच्या कडेला ढकलतात, आणि मोठ्या सामन्यात तोच सामना फिरवतो, हे मी सांगून थकलो नाही आणि थकणारही नाही.

चिठ्ठी आली. पाच मिनिटं. बरं, पोर्टल.

हिवाळ्यातलं पोर्टल उघडलं ४ डिसेंबरला, म्हणजे नेमणुकीनंतर चौथ्या दिवशी. सिग्नेटी आधी जिथे प्रशिक्षक होते त्या जेम्स मॅडिसन विद्यापीठातून त्यांनी १३ खेळाडू आणले, शिवाय आक्रमणाचे समन्वयक माइक शॅनहन आणि बचावाचे ब्रायंट हेन्स. इथे खरी मेख आहे. वसंतात सरावाची सत्रं मिळतात १५च. प्रत्येक खेळीचं नाव नव्याने शिकवायचं तर ती तिथेच संपतात. इथे एडन फिशर, मिकाइल कमारा, एलायजा सॅरट, डीअँजेलो पाँड्स यांना ती भाषा आधीच येत होती. शेजारच्याला शिकवायला तेच पुरले. दुसरं म्हणजे निवड. शाळेत असताना गुणवत्ता-यादीत कुणाला किती तारे मिळाले होते ते बघायचं नाही, कॉलेजच्या सामन्यात काय केलं ते बघायचं. फिशरचे ११८ टॅकल (इथे अर्थ चेंडूवाल्याला पाडणं), कमाराचे १० सॅक हे त्या निवडीचं फळ.

कमी काय पडलं? लाइन. वजनदार, सरावलेले लाइनमन पोर्टलमध्ये सगळ्यात दुर्मिळ, कारण ज्याच्याकडे असतात तो सोडत नाही. २० डिसेंबरला नोत्र दामकडे प्लेऑफची, म्हणजे राष्ट्रीय विजेतेपदाच्या बाद सामन्यांची, पहिली फेरी. रूर्कचा पास नोत्र दामच्या २ यार्डांच्या रेषेवर त्यांच्या झेवियर वॉट्सने पकडला आणि पुढच्याच खेळीत त्यांचाच जेरेमाया लव्ह ९८ यार्ड पळाला. इंडियाना हरलं २७-१७, आणि तेवढंही अखेरच्या दोन टचडाउनमुळे; तोवर २७-३ होतं.

आणि मग सिग्नेटींनी केलं काय? त्या रात्री नोत्र दामच्या लाइनच्या मध्यभागी सेंटर म्हणून पॅट कूगन खेळत होता. पुढच्या हंगामासाठी त्यालाच पोर्टलमधून ब्लूमिंग्टनला, म्हणजे इंडियानाच्या गावी, आणलं. प्रश्न असतील तर चहाच्या वेळी विचारा, पंटवर असतील तर आधी.