खराऱ्याचा हात

नमस्कार, श्रोतेहो.

घोड्याचा विषय निघाला की आपल्याला शर्यत आठवते, वरात आठवते, फार तर यमुनेचे पाणी पिऊन आलेली भीमथडीची तट्टे आठवतात. तबेल्याच्या कोपऱ्यातली बादली, ओले फडके आणि खरारा मात्र सहसा कोणाला आठवत नाही. आज मला त्या कोपऱ्याविषयीच बोलायचे आहे. खरारा म्हणजे घोड्याचे अंग घासण्याचे दातेरी साधन, आणि त्या घासण्याच्या कामालाही आपण खराराच म्हणतो. पूर्वीच्या पागेत हे काम मोतद्दाराकडे असे. स्वार घोड्यावर बसून मिरवत असे आणि मोतद्दार त्याच घोड्याच्या पोटाखाली वाकून उभा असे. परंतु घोडा दोघांपैकी कोणाला अधिक ओळखत असेल, हे सांगायला ज्योतिषी नको.

मी व्यवसायाने पशुवैद्य आहे. आमच्या धंद्याला जुन्या मराठीत सालोत्री हा शब्द होता आणि तो शालिहोत्र या प्राचीन अश्ववैद्याच्या नावावरून आला आहे. एवढ्या थोर परंपरेत बसणाऱ्या माणसाला घोड्याला हात कसा लावावा हे ठाऊक असणार, असे आपण धरून चालाल. मीही तसेच धरून चाललो होतो.

काही वर्षांपूर्वी मार्गशीर्ष पौर्णिमेला, म्हणजे दत्तजयंतीच्या सुमारास, नंदुरबार जिल्ह्यात तापीकाठी सारंगखेड्याला जो मोठा घोडेबाजार भरतो, तेथून आम्ही एक कुमेत, म्हणजे तांबूस-तपकिरी रंगाची, घोडी घरी आणली. त्या बाजारात गिऱ्हाईक रंग पाहते, चाल पाहते, दात पाहते आणि अंगावरचे भोवरे शुभ की अशुभ याचा बोटांनी हिशेब करते. भोवऱ्यांवर माझा विश्वास नाही, पण मी पाहिले तेही एवढेच होते. घरी आल्यावर दुसऱ्या दिवशी मी खरारा घेऊन उभा राहिलो. मानेवर, खांद्यावर, पाठीवर घोडीने हात चालू दिला. डाव्या पुढच्या पायाच्या कोपरामागे, जिथून खोगिराचा तंग आवळला जातो, तिथे हात पोहोचताच तिने कान मागे पाडले आणि कातडी थरथरवली. मी तिला खोड आहे असे ठरवले, मोहरकीची, म्हणजे तोंडावरच्या बांधणीची, दोरी आखूड बांधली आणि घासणे चालूच ठेवले. तिने शेपटी झटकली, नंतर मागचा पाय पोटाकडे उचलला, आणि तिसऱ्या दिवशी दात माझ्या दंडापासून वीतभर अंतरावर वाजले.

त्यानंतर मी खरारा बाजूला ठेवला आणि उघड्या तळव्याने ती जागा चाचपली. हिवाळ्याच्या दाट केसांखाली वाटाण्याएवढी गाठ होती. जुना तंग घासून झालेली जखम वरून भरली होती, पण आतून दुखत होती. म्हणजे घोडी तीन दिवस मला रोगाची जागा दाखवत होती, आणि ज्याने ती ओळखायची तोच माणूस तिला आखूड बांधून तिचे बोलणे बंद करत होता. पुढे गाठ बरी झाली. तिच्या मनातला माझा हात बरा व्हायला मात्र उन्हाळा उजाडला.

हे सविस्तर सांगण्याचे कारण असे की, खरारा म्हणजे केवळ घोडा स्वच्छ करणे नव्हे. घोडा ‘नको’ म्हणतो तेव्हा आपला हात थांबतो की नाही, याची परीक्षा घोडा रोज घेत असतो. जो हात थांबतो, त्या हाताला तो पुढच्या वेळी अधिक जवळ येऊ देतो. ही गोष्ट लाडाची नाही. घोड्याच्या शरीररचनेशी आणि स्वभावाशी तिचा थेट संबंध आहे.

घोडा हा पळून जीव वाचवणारा प्राणी आहे. त्याचे डोळे डोक्याच्या दोन बाजूंना असल्यामुळे त्याला जवळजवळ 350 अंशांचा परिसर दिसतो. दिसत नाही ती कपाळासमोरची थोडी जागा आणि शेपटीच्या थेट मागची जागा. साहेबाच्या पुढून आणि घोड्याच्या मागून जाऊ नये असे आपण म्हणतो, त्यातील निम्मा भाग तरी नेत्रविज्ञानाला धरून आहे. म्हणून घोड्याकडे खांद्याच्या दिशेने, तिरके, बोलत बोलत जावे. मागच्या बाजूला जायचे झाल्यास एक हात पाठीवरून ढुंगणापर्यंत सरकवत, अंगालगत राहून जावे, म्हणजे आपण कोठे आहोत हे त्याला डोळ्यांनी नाही तरी कातडीने कळते. आणि ती कातडी किती जागी असते! पाठीवर माशी बसली तर तेवढीच जागा थरथरवून तो तिला उडवतो. माशीचे पाय ज्याला कळतात, त्याच्या बरगड्यांवर लोखंडी दाते दाबून ओढले तर त्याला काय वाटत असेल, याचा विचार प्रत्येकाने स्वतःच्या पाठीवरून करावा. लोखंडी खरारा ब्रशात अडकलेली धूळ काढायला चांगला; अंगाला रबरी खरारा लावावा, मांसल भागावर गोल फिरवावा, आणि गुडघे, घोटे, कणा व तोंड येथे मऊ ब्रश किंवा नुसता हात वापरावा.

सुरुवात कोठून करावी, हे घोडेच आपल्याला शिकवतात. कळपातील दोन ओळखीचे घोडे एकमेकांकडे तोंड करून उभे राहतात आणि आयाळ जिथे संपते त्या खांद्यावरच्या उंचवट्यापाशी एकमेकांना दातांनी खाजवतात. फ्रान्समधील कामार्ग जातीच्या घोड्यांवरचा एक अभ्यास 1993 साली प्रसिद्ध झाला. त्यात संशोधकांनी याच जागी हाताने खाजवले तेव्हा घोड्यांच्या हृदयाचे ठोके मंदावले, आणि घोडे एरवी एकमेकांना जिथे खाजवत नाहीत अशा जागी खाजवले तेव्हा तसा परिणाम दिसला नाही. म्हणजे हात कोणाचा यापेक्षा हात कोठे हे आधी महत्त्वाचे ठरले. गंमत अशी की, इसवी सनापूर्वी चौथ्या शतकात झेनोफन या ग्रीक सेनानीने घोड्यांविषयी लिहिताना शिंगराला प्रथम कोठे हात लावावा हे सांगून ठेवले आहे: जिथे केस दाट आहेत आणि जिथे काही टोचले तर त्याला स्वतःला काही करता येत नाही, अशा जागी. रागाच्या भरात घोड्याजवळ जाऊ नये, हा नियमही त्याचाच.

योग्य जागी हात लागला की घोडा ते लपवत नाही. मान किंचित खाली किंवा पुढे येते, डोळा अर्धा मिटतो, वरचा ओठ लांबतो आणि हलू लागतो. अशा वेळी तो उलट आपल्यालाही खाजवायला जातो, कारण कळपाचा रिवाज तसा आहे. त्याचा हेतू स्नेहाचा असला तरी दात घोड्याचेच असतात. तेव्हा त्याला न मारता, न ओरडता, हाताच्या पाठीने त्याचे तोंड हलकेच पुढे वळवावे. माझ्या एका सदऱ्याला खांद्यावर दोन ठिकाणी रफू आहे, तो मी तबेल्यातच ठेवला आहे.

आता आंघोळीकडे येतो, कारण खरी कसोटी तेथे असते. खराऱ्यात घोड्याला आपला हात दिसतो. पाइपातून येणारे पाणी मात्र सापासारखे वळवळते, फुत्कारते आणि दुरून येऊन अंगावर पडते. आमची घोडी पाइप पाहिला की अंगणाच्या दुसऱ्या टोकाला जाऊन उभी राही. अशा घोड्याला खुंट्याला घट्ट बांधून पाणी मारणे हा सर्वांत जवळचा वाटणारा आणि सर्वांत लांबचा रस्ता आहे. पळता येत नाही हे कळताच घोडा दोरी तोडतो किंवा मागे उसळून पडतो, आणि एकदा असे झाले की पाण्याबरोबर बांधण्याचीही भीती त्याच्या मनात बसते.

आम्ही असे केले. उन्हे चांगली तापल्यावर, घरातील एकाने दोरी हातात सैल धरायची आणि मी तिच्यापासून चार हातांवर पाइप जमिनीवर टाकून पाणी नुसते वाहू द्यायचे. ती मागे सरली की तिला सरू द्यायची. थांबून पाण्याकडे कान टवकारले की लगेच पाण्याची तोटी बंद. पहिल्या दिवशी एवढेच. दोन-तीन दिवसांनी वाहते पाणी तिच्या पुढच्या खुरांपर्यंत आले. मग पाण्याची धार खुरावर, मग घोट्यावर, मग गुडघ्यापर्यंत. ती पाय आपटत असे तोपर्यंत धार तिथेच धरायची, आणि पाय स्थिर होताच धार काढून घ्यायची. धार काढण्याची वेळ ही या सगळ्या प्रकारातील नाजूक गोष्ट आहे. घोडा उसळल्यावर पाणी काढले तर उसळल्याने पाणी जाते असे तो शिकतो. शांत झाल्यावर काढले तर शांत राहिल्याने जाते असे शिकतो. शिकवणारा हात एकच, धडा नेमका उलटा. मात्र घाबरून तो थरथरू लागला, तर आपणच एक पायरी चुकवली असे समजून मागे यावे. तिथे हट्ट करू नये.

खांदा, छाती, बरगड्या अशा क्रमाने पाणी वर न्यावे. तोंडावर धार कधीच मारू नये आणि कानात पाणी जाऊ देऊ नये. पिळलेल्या फडक्याने कपाळ, डोळ्यांच्या कडा, नाकपुड्या पुसाव्यात. साबण क्वचितच लावावा, कारण केसांना आणि कातडीला राखणारे तेल त्याने निघून जाते. घोड्याच्या घामात फेस करणारे एक प्रथिन असते, म्हणूनच खोगिराखाली पांढरा फेस दिसतो. तो घाम सुकून मिठासकट अंगावर राहिला की खाज सुटते, म्हणून कामानंतर नुसत्या पाण्याने धुणे पुष्कळ झाले. तापलेल्या घोड्यावर गार पाणी टाकले तर त्याचे अंग आखडते, असा समज आपल्याकडेही आहे. 1996 च्या अटलांटा ऑलिंपिकच्या निमित्ताने उष्ण हवेतील घोड्यांवर जे संशोधन झाले, त्यात ही भीती खरी ठरली नाही; भरपूर गार पाणी सतत ओतत राहणे हाच तापलेला घोडा निववण्याचा चांगला मार्ग आहे. आपल्या महाभारताला हे काही नवीन नव्हते. जयद्रथवधाच्या दिवशी, ऐन रणात, थकलेले घोडे सोडून श्रीकृष्णाने त्यांच्या अंगातील बाण उपटले, दोन्ही हातांनी त्यांचे अंग चोळले, त्यांना पाणी पाजले आणि स्नान घातले, असे द्रोणपर्वात वर्णन आहे. त्या दिवशी सूर्यास्ताआधी जयद्रथाला गाठायचे होते, म्हणजे घाई कोणाला नव्हती असे नाही.

खुरांविषयी थोडक्यात सांगतो. खूर रोज उचलून, टाचेकडून पुढच्या टोकाकडे आकडीने साफ करावा आणि मधली त्रिकोणी मऊ गादी सांभाळावी. तिथे काळपट, दुर्गंधी चिखल दिसला तर ती सड आहे, वैद्याला दाखवावी. परंतु विश्वासाच्या दृष्टीने पाहता, खूर देणे म्हणजे पळणाऱ्या प्राण्याने आपला पाय दुसऱ्याच्या हाती देणे होय. म्हणून आरंभी क्षणभरच धरावा, आणि त्याने ओढून घेण्याआधी आपण होऊन खाली ठेवावा.

हे सारे शिंगरालाही लागू पडते का, असे मला लोक विचारतात. जन्मल्याबरोबर शिंगराला धरून, दाबून सगळीकडे हात लावला की ते माणसाळते, असे काहींचे मत होते. फ्रान्समधील रेन विद्यापीठातील संशोधकांनी वेगळी वाट धरली: शिंगराला हातच लावला नाही. जन्मानंतरचे पहिले पाच दिवस, रोज सुमारे पंधरा मिनिटे, त्यांनी फक्त आईला हळुवार ब्रश केला आणि हाताने चारा भरवला. म्हणजे सगळे मिळून सव्वा तास. ती शिंगरे पुढे माणसाच्या जवळ अधिक सहज येऊ लागली. आई डोळे मिटून उभी आहे, एवढी साक्ष त्यांना पुरली.

आमच्या घोडीची पहिली पुरी आंघोळ चैत्रात झाली. पाणी निथळवून, मोकळी सोडताच ती गोठ्यामागच्या मातीत गुडघे टेकून बसली, एका अंगावर लोळली, दुसऱ्या अंगावर लोळली आणि उठून अंग झाडले तेव्हा कुमेत रंग कोठे शिल्लक नव्हता. घरातील मंडळी हसली. ओल्या कातडीवर मातीचा लेप घेणे हा घोड्याचा माश्यांवरचा आणि खाजेवरचा जुना उपाय आहे, तेव्हा मी काही बोललो नाही. संध्याकाळी माती वाळल्यावर रबरी खरारा काढला. ती चालत आली आणि जवळ येऊन आडवी उभी राहिली. डावी बाजू माझ्याकडे होती. मी कोपरामागच्या त्या जागेवर आधी तळवा ठेवला. कान हलले, मागे गेले नाहीत. मग खरारा ठेवला, आणि सावकाश फिरवू लागलो.

नमस्कार.