व्हल्कन: नसलेल्या ग्रहाचा काटेकोर शोध

मंडळी, आजचा विषय व्हल्कन. बुधाच्याही आत, सूर्याला खेटून फिरणारा तळपता ग्रह. नाव रोमन अग्निदेवाचं, लोहारकीच्या दैवताचं. मानलेल्या अंतरावर तो खरंच असता तर तिथं पृथ्वीच्या 49 पट ऊन पडलं असतं. बुधाची कक्षा शतकाला 43 विकला (विकला म्हणजे अंशाचा 3600 वा भाग) जादा का सरकते, हे गणित फळ्यावर करून दाखवायचं कबूल केलंय, ते करूच. पण आधी एक तक्रार.

व्हल्कनचा विषय निघाला की तो ग्रह मांडणाऱ्या फ्रेंच खगोलशास्त्रज्ञ लव्हेरियेची टिंगल करायची पद्धत पडली आहे. हा अन्याय आहे. युरेनसच्या चालीतल्या फरकावरून त्यानं नेपच्यूनची जागा कागदावर काढली, आणि 23 सप्टेंबर 1846 ला बर्लिनमध्ये खगोलशास्त्रज्ञ गालेला तो ग्रह सांगितल्या जागेपासून एका अंशाच्या आत सापडला. पुढे त्यानं बुधाच्या 1697 पासूनच्या अधिक्रमणांच्या, म्हणजे सूर्यबिंबावरून सरकण्याच्या, नोंदी तपासल्या. बुध सूर्यबिंबाच्या कडेला नेमका कधी टेकला ही वेळ चांगली मोजता येते, म्हणून या नोंदी भरवशाच्या. सगळ्या ग्रहांची ओढ जमेला धरूनही बुधाचा उपसूर्य बिंदू, म्हणजे कक्षेतला सूर्याला सर्वांत जवळचा बिंदू, शतकाला 38 विकला जास्त सरकत होता. अमेरिकी खगोलशास्त्रज्ञ न्यूकमनं 1882 मध्ये तो आकडा 43 वर नेला. एकदा यशस्वी झालेली रीत लव्हेरियेनं पुन्हा वापरली आणि बुधाच्या आत एक न दिसलेला ग्रह मानला, यात हसण्यासारखं काय आहे?

आता लेस्कारबो. फ्रान्समधल्या ओर्जेर गावचा डॉक्टर. 26 मार्च 1859 ला त्याला सूर्यबिंबावरून एक काळा ठिपका सरकताना दिसला. डिसेंबरअखेर लव्हेरिये न कळवता त्याच्या दारात हजर झाला आणि उलटतपासणी सुरू झाली. साधनं बघा. पावणेचार इंची दुर्बीण. घड्याळाला फक्त मिनिटकाटा. सेकंद मोजायला दोऱ्याला टांगलेली हस्तिदंती गोळी, म्हणजे घरगुती लोलक. आकडेमोड लाकडी फळ्यांवर खडूनं. फळी भरली की रंधा मारायचा! एवढ्यावर त्यानं 1 तास 17 मिनिटं 9 सेकंदांचं अधिक्रमण नोंदवलं. लव्हेरियेनं कक्षा काढली: 19 दिवस 17 तासांचा फेरा, अंतर 0.1427 खगोलीय एकक (पृथ्वी-सूर्य अंतर म्हणजे 1 एकक). आणि हेही काढलं, की या ग्रहाचं वस्तुमान बुधाच्या सतराव्या हिश्श्याएवढंच भरतं, एकट्यानं बुधाला एवढं सरकवणं त्याच्या आवाक्यातलं नाही. ही त्याची सचोटी टिंगल करणाऱ्यांनी वाचलेली नसते. खरी अडचण दुसरीकडे होती. त्याच वेळी ब्राझीलमधून लिए नावाचा निरीक्षक जास्त ताकदीच्या दुर्बिणीनं सूर्य बघत होता, आणि त्याला ठिपका दिसला नाही.

मग ग्रह रात्री का शोधत नाहीत? 0.1427 चा व्यस्त साइन काढा, 8 अंशांच्या जरा वर येतो; सूर्यापासून तो याहून लांब दिसूच शकत नाही. म्हणजे सूर्य मावळल्यावर साधारण अर्ध्या तासात तोही मावळणार, तोवर संधिप्रकाश सरलेला नसतो. उरतं खग्रास ग्रहण.

29 जुलै 1878. अमेरिकेतल्या वायोमिंगमध्ये खगोलशास्त्रज्ञ वॉटसन, चार इंची दुर्बीण, हाताशी जेमतेम तीन मिनिटं. अंधारात दिवा लावून दुर्बिणीची दिशा दाखवणाऱ्या वर्तुळावरचे अंश वाचत बसलं तर तेवढ्यातच ग्रहण सुटतं. म्हणून त्यानं दुर्बिणीच्या दोन्ही वर्तुळांवर कागदाच्या चकत्या चिकटवल्या. तारा दिसला की काट्यासमोर पेन्सिलीची रेघ ओढायची, सूर्यासाठीही एक रेघ, आणि आकडे मागाहून सावकाश वाचायचे. युक्ती सुंदर. त्याला कर्क राशीतल्या थीटा ताऱ्याजवळ तांबूस ताऱ्यासारखं काही दिसलं. तिकडे डेनव्हरहून दुसरा निरीक्षक स्विफ्ट यानंही दोन बिंदू सांगितले, पण जागा जुळेनात. खगोलशास्त्रज्ञ पीटर्सनं नेमकं पेन्सिलीच्या रेघेवर बोट ठेवलं: काटा आणि रेघ यांत थोडा सरक झाला, की थीटा आणि झीटा कर्क हे ओळखीचे तारेच नवे ग्रह वाटू शकतात.

जाता जाता आपल्याकडचं एक. 22 जानेवारी 1898 च्या खग्रास ग्रहणाला करमाळा तालुक्यातल्या जेऊरला पुण्याचे खगोलशास्त्रज्ञ नेगमवाला होते, अमेरिकेच्या लिक वेधशाळेचा कँपबेल होता, आणि इंग्लंडचा खगोलशास्त्रज्ञ लॉकियर विजयदुर्ग किल्ल्यावर. तिथले 'साहेबाचे ओटे', म्हणजे त्याच्या वेधांसाठीचे चौथरे, 1868 च्या ग्रहणाचे म्हणून सांगतात, पण 1868 मध्ये लॉकियर इंग्लंडातच होता. विजयदुर्गची शान 1898 च्या खऱ्या कामानं पुरेशी आहे, तिला उसनं वर्ष नको. आणि याच कँपबेलच्या वेधशाळेनं 1901, 1905, 1908 च्या ग्रहणांत फोटोच्या काचपट्ट्यांवर सूर्याभोवतीचं आकाश टिपलं. नुसत्या डोळ्यांना न दिसणारे आठव्या प्रतीचे तारेही उमटले, व्हल्कन नाही. 1909 मध्ये कँपबेलनं निरीक्षणापुरता विषय मिटल्याचं जाहीर केलं.

वेळ संपत आलाय, लोकांच्या कल्पनेतल्या ग्रहांचं दोन वाक्यांत. राहूही काल्पनिक, पण तो चंद्राच्या कक्षेचा छेदनबिंदू, 18.6 वर्षांत एक फेरा उलटा पुरा करतो, म्हणून पंचांगात त्याचं गणित जमतं. व्हल्कनचं 22 मार्च 1877 चं भाकीत केलेलं अधिक्रमण झालंच नाही, तरी पाश्चात्य फलज्योतिषाच्या काही शाखांत तो आजही फिरतोय.

आता गणित, भरभर. 18 नोव्हेंबर 1915 ला आइन्स्टाइननं मांडलेलं. सूर्याचं वस्तुमान गुणिले गुरुत्व-स्थिरांक, भागिले प्रकाशवेगाचा वर्ग: 1.477 किलोमीटर. त्याला 6 पायनं गुणा: 27.84. बुधाचं सरासरी अंतर 5 कोटी 79 लाख किलोमीटर, कक्षेची विकेंद्रता 0.2056. एकातून तिचा वर्ग वजा करून अंतराला गुणा: सुमारे 5 कोटी 54.6 लाख. भागाकार रेडियनमध्ये येतो. त्याला 206265 नं गुणलं की फेऱ्याला 0.1035 विकला. बुध शतकात 415 फेरे मारतो. गुणा: 43. लव्हेरियेचा फरक खरा होता, ग्रह लागतच नव्हता. आणि त्या पट्ट्यात लहानसहान लघुग्रह तरी असतील म्हणून सूर्याचं निरीक्षण करणाऱ्या स्टीरिओ यानांच्या चित्रांत शोधलं गेलं, तर साधारण 6 किलोमीटरपेक्षा मोठा एकही सापडलेला नाही.