बॉम्बहल्ल्यानंतरचं कॉव्हेंट्री : पाणी, वीट आणि जमीन

मंडळी, इंग्लंडमधल्या कॉव्हेंट्री शहराचं नाव निघालं की बहुतेकांच्या डोळ्यांसमोर जळालेलं कॅथेड्रल येतं. १४ नोव्हेंबर १९४० ची ती रात्र. पाचशेच्या आसपास जर्मन विमानं, जवळजवळ अकरा तास चाललेला हल्ला, ५६८ मृत्यू, चार हजारांहून अधिक घरं जमीनदोस्त. हे सगळं अनेकदा सांगून झालेलं आहे. आज मला बोलायचंय ते जमिनीखालच्या पाइपांबद्दल, होजच्या, म्हणजे बंबाच्या नळ्यांच्या, कपलिंगबद्दल (नळी जोडायच्या तोंडाबद्दल), विटांच्या सांध्यातल्या चुन्याबद्दल आणि शेवटी जमिनीच्या मालकीबद्दल. बॉम्बनं काय पाडलं एवढ्यावरून हे शहर का बदललं ते कळत नाही. त्या रात्री ऐन वेळी काय कशाला जोडता आलं नाही, हे बघितलं की पुढचे बरेचसे निर्णय समजतात.

आधी एवढंच लक्षात घ्या की हे कारखान्यांचं गाव होतं. रेशमी रिबिनी आणि घड्याळं, मग सायकली, मग मोटारी, आणि १९३६ पासून सरकारच्या ‘शॅडो फॅक्टरी’ योजनेखाली विमानांची इंजिनं. डेमलर, रोव्हर, स्टँडर्ड, हंबर या मोटार कंपन्यांनी ब्रिस्टॉल कंपनीच्या इंजिनांचे भाग वाटून घेऊन बनवायचे, अशी ती योजना. नवे कारखाने शहराच्या कडेला गेले. पण जुनी वर्कशॉपं मध्यवस्तीत, कामगारांच्या घरांना लागूनच होती. गल्ल्या मध्ययुगीन, घरं लाकडी चौकटीची. त्यामुळे एका छपराला लागलेली आग दुसऱ्यावर जायला फार वाऱ्याची गरज नव्हती.

त्या रात्री आधी पडले ते आगलावे बॉम्ब, तीस हजारांहून जास्त. प्रत्येकाचं वजन साधारण एक किलो, कवच मॅग्नेशियमच्या मिश्रधातूचं, आत थर्माइट हे प्रचंड उष्णतेनं जळणारं मिश्रण. असा बॉम्ब एकेकटा घेतला तर घरचा माणूसही विझवू शकतो. त्यासाठी हातपंप दिलेले होते. पंपाचा पाय बादलीच्या बाहेर, नळी बादलीच्या आत. एकानं पंप मारायचा, दुसऱ्यानं पोटावर सरपटत नोझल धरायचं, तिसऱ्यानं पाणी आणायचं. सुरुवातीची सूचना अशी होती की बॉम्बवर फवारा मारा आणि आजूबाजूच्या लाकडावर धार. जळत्या मॅग्नेशियमवर जोराची धार पडली तर वितळलेला धातू खोलीभर उडतो. फवाऱ्यानं तो फक्त लवकर जळून संपतो. रीत चांगली होती, पण त्यासाठी त्या क्षणी त्या इमारतीत माणूस हवा. रात्री दुकानं, गोदामं, कचेऱ्या कुलूपबंद होत्या. माळ्यावर पडलेला बॉम्ब कुणाच्या लक्षात येईपर्यंत छप्पर पेटलेलं असे. म्हणून जानेवारी १९४१ मध्ये पहाऱ्याची सक्ती आली. १६ ते ६० वयाच्या पुरुषांना महिन्याला ४८ तासांपर्यंत आगीवर पहारा देणं बंधनकारक झालं. पुढच्या वर्षी बायकांनाही त्यात घेतलं. शेजारी कोण, त्याच्या गच्चीची किल्ली कुणाकडे, जिना कुठून चढतो, ही माहिती आता गल्लीतल्या प्रत्येकाला ठेवावी लागली. इंग्रज माणसाच्या शेजारधर्मात हा फार मोठा फरक होता.

आता पाण्याकडे वळतो, कारण खरी गोम तिथेच आहे. आगलाव्या बॉम्बच्या पाठोपाठ स्फोटक बॉम्ब पडतात. जमिनीतला पाइप बिडाचा, म्हणजे ताठ. त्याचे सांधे शिसं ओतून बसवलेले. बॉम्ब थेट पाइपावर पडायलाच हवा असं नाही. जवळपास पडला आणि जमीन हलली तरी सांधा निखळतो. एका रस्त्यातला मोठा पाइप फुटला की त्या भागाचा दाब उतरतो, आणि दोन रस्ते पलीकडे, जिथे काहीच फुटलेलं नाही, तिथलाही हायड्रंट, म्हणजे बंबाची होज जोडायचा रस्त्यातला नळ, कोरडा पडतो. फुटका भाग वेगळा काढायचा तर त्याच्या दोन्ही बाजूंचे व्हॉल्व्ह बंद करावे लागतात. व्हॉल्व्हची पेटी रस्त्यात, आणि रस्त्यावर विटांचा ढीग. शेरबोर्न नदी शहरातूनच वाहते, पण ती लहान आहे आणि मध्यवस्तीत बऱ्याच ठिकाणी झाकलेली. कॅथेड्रलवर नेमकं हेच झालं. सॉलिहलहून बंब आला, होज लागले, थोडा वेळ पाणी मिळालं आणि मग थांबलं. छपराला आधार म्हणून एकोणिसाव्या शतकातल्या दुरुस्तीत लोखंडी तुळया घातल्या होत्या. त्या तापून वाकल्या आणि जाताना दगडी खांबांच्या रांगाही घेऊन गेल्या. बाहेरच्या भिंती, मनोरा आणि त्याचं शिखर तेवढं उभं राहिलं.

बाहेरगावच्या बंबांची दुसरी अडचण कपलिंगची. तेव्हा ब्रिटनमध्ये सोळाशेहून जास्त स्वतंत्र अग्निशमन दलं होती, प्रत्येक आपापल्या नगरपालिकेची. कुणाची होज आट्यांची, कुणाची दाबून झटकन बसणारी. आट्यांचे मापही ठिकठिकाणी निराळे, आणि हायड्रंटची तोंडंही निराळी. जोडतुकडा म्हणजे अ‍ॅडॅप्टर बरोबर असेल तर ठीक, नसेल तर पन्नास मैलांवरून आलेला बंब नुसता उभा. शिवाय हुकूम कुणाचा चालायचा हाही प्रश्न होता. पाहुण्या दलाचा अधिकारी मोठा की गावचा? कॉव्हेंट्री आणि त्या हिवाळ्यातल्या इतर शहरांच्या अनुभवानंतर ऑगस्ट १९४१ मध्ये ही सगळी दलं मोडून एकच राष्ट्रीय अग्निशमन सेवा उभी राहिली. एक हुद्देपद्धत, एक कवायत, एका मापाची कपलिंग. वर्षानुवर्षं ‘आमचा बंब, आमची नगरपालिका’ म्हणून अडून बसलेली गोष्ट काही महिन्यांत झाली. युद्धानंतर ही सेवा पुन्हा स्थानिक संस्थांकडे गेली, पण कौंटी (म्हणजे जिल्हा) आणि मोठ्या शहरांच्या पातळीवर. जुनी छोटी दलं परत आली नाहीत.

पाण्याचा साठाही रस्त्यावर आला. इंग्लंडमधल्या काही जुन्या भिंतींवर आजही पिवळ्या रंगातली ‘ईडब्ल्यूएस’ ही तीन अक्षरं पुसट दिसतात. आणीबाणीच्या पाणीपुरवठ्याची ती खूण. पडलेल्या इमारतींची तळघरं सिमेंटनं गिलावा करून टाक्या म्हणून वापरली. रिकाम्या जागांवर पाच हजार गॅलनच्या पोलादी टाक्या बसवल्या. पाच हजार गॅलन म्हणजे जवळजवळ तेवीस हजार लिटर. ऐकायला भरपूर वाटतं, पण मिनिटाला पाचशे गॅलन ओढणारा पंप ती टाकी दहा मिनिटांत रिकामी करतो. म्हणजे टाकीचा उपयोग पहिल्या दहा मिनिटांपुरता. तेवढ्यात कालव्यापासून किंवा मोठ्या साठ्यापासून एकामागून एक पंप लावून पाणी पुढे ढकलावं लागतं. त्यासाठी रस्त्याच्या कडेनं सहा इंची पोलादी पाइप जमिनीवरच टाकले. बॉम्बनं फुटला तरी डोळ्यांना दिसतो, तुकडा बदलता येतो, खणावं लागत नाही. या उघड्या टाक्यांची किंमतही मोजावी लागली. त्यांत पडून मुलं बुडाली, आणि मग कुंपणं आली. धोका ओळखायला जीव जावे लागले, हे वाईट झालं.

सकाळी उठून शहर पुन्हा चालू करायचं म्हणजे काय, हेही पायरीपायरीनं बघण्यासारखं आहे. पाण्याचा पाइप आणि सांडपाण्याचा पाइप बऱ्याचदा एकाच रस्त्याखाली असतात. दोन्ही फुटले आणि पाण्याचा दाब उतरला की घाण पाणी फुटक्या सांध्यातून पिण्याच्या पाइपात शिरतं. म्हणून भोंगे लावलेल्या गाड्या फिरल्या : पाणी उकळा, दूध उकळा. विषमज्वराच्या लसी टोचल्या, पाण्यात क्लोरीन वाढवलं. साथ आली नाही. हे यश कुणी स्मारकात कोरत नाही, पण माझ्या लेखी त्या आठवड्यातलं सर्वांत मोठं काम तेच.

गॅसचं काम सर्वांत किचकट. पाण्याच्या पाइपात दाब सोडला की गळती दिसते, गॅसची दिसत नाही. गॅसच्या पाइपात तर पाण्याच्या फुटक्या पाइपातलं पाणी शिरलेलं. आधी ते उपसायचं, मग आतली हवा पूर्ण बाहेर काढायची, कारण हवा आणि गॅस यांचं मिश्रण म्हणजे स्फोटाचं निमंत्रण. दाब सोडण्याआधी घराघरात जाऊन तोटी बंद आहे ना ते पाहायचं. रात्री शेगडी पेटलेली असताना गॅस गेला, तोटी उघडीच राहिली, माणसं आसऱ्याला पळाली. त्या घरात पुन्हा गॅस सोडला तर काय होईल ते सांगायला नको. म्हणून गॅस उशिरा आला, आणि मधल्या काळात फिरत्या कँटीनवर आणि सामुदायिक स्वयंपाकघरांवर शहर जेवलं. अशाच स्वयंपाकघरांतून पुढे देशभर ‘ब्रिटिश रेस्टॉरंट’ उभी राहिली. ठरलेल्या स्वस्त दरात गरम जेवण, रेशनची कुपनं न देता. ट्राम मात्र परत आलीच नाही. रूळ इतक्या ठिकाणी उखडले होते की त्या रात्रीनंतर कॉव्हेंट्रीत ट्राम धावली नाही. १९४१ मध्ये ती सेवा कायमची बंद केली आणि शहर बसवर गेलं.

आसऱ्यांबद्दल एकच उदाहरण घेतो. परसात पुरायचे पत्र्याचे अँडरसन आसरे ज्यांना अंगण होतं त्यांच्यासाठी ठीक होते. बाकीच्यांसाठी रस्त्यावर विटांचे आसरे बांधले, सुमारे पन्नास माणसांचे. भिंती चौदा इंची, वर फूटभर जाडीचा काँक्रीटचा स्लॅब. सिमेंटची टंचाई होती. एप्रिल १९४० मध्ये सरकारी परिपत्रक निघालं ते इतकं संदिग्ध होतं की अनेक ठिकाणी चुना आणि वाळूवरच बांधकाम झालं, सिमेंट नावालाही नाही. ओलसर हवेत तसला चुना लवकर घट्ट होत नाही. जवळ बॉम्ब पडला की हवेच्या धक्क्यानं भिंत बाहेर ढकलली जाई, आणि आधार गेलेला स्लॅब आख्खाच्या आख्खा खाली येई. लोकांनी या आसऱ्यांवर विश्वास ठेवणं सोडलं, आणि ते बरोबरच होतं. संध्याकाळ झाली की चालत, सायकलनं, मिळेल त्या गाडीनं आसपासच्या खेड्यांत झोपायला जायचं, असं अनेक कुटुंबांनी सुरू केलं. अधिकाऱ्यांनी याला मनोबल खचल्याचं लक्षण मानलं. मला तो धडधडीत अन्याय वाटतो. तीच माणसं सकाळी कारखान्यात हजर होत होती. एप्रिल १९४१ मध्ये पुन्हा मोठे हल्ले झाले आणि आणखी साडेचारशेच्या आसपास माणसं गेली, तेव्हा रात्री बाहेर जाणाऱ्यांनी जीव वाचवला असंच म्हणावं लागतं.

आता जमीन. जुनं कॉव्हेंट्री फक्त बॉम्बनं गेलं असं मानू नये. बुचर रो ही मध्ययुगीन गल्ली नगरपालिकेनं १९३६ मध्येच रस्त्यासाठी पाडली होती. डॉनल्ड गिब्सन १९३८ मध्ये नगर वास्तुविशारद म्हणून आले, आणि ‘उद्याचं कॉव्हेंट्री’ हे प्रदर्शन भरलं मे १९४० मध्ये, म्हणजे हल्ल्याच्या सहा महिने आधी. आराखडा होता, जमीन नव्हती. मध्यवस्ती शेकडो छोट्या मालकांत वाटलेली. हल्ल्यानंतर मंत्री जॉन रीथ यांनी धाडसानं योजना करा, असं सांगितलं आणि फेब्रुवारी १९४१ मध्ये नगरपालिकेनं गिब्सन यांचा आराखडा मंजूर केला. पण मंजुरीनं ताबा मिळत नाही. त्याच वर्षीच्या युद्धनुकसान कायद्यानं इमारत दुरुस्त होण्यासारखी असेल तर दुरुस्तीचा खर्च, आणि पूर्ण गेली असेल तर मार्च १९३९ च्या भावानं किंमत, अशी भरपाई ठरवली. मालकाला भरपाई मिळेल, पण तो जुन्याच जागी जुनंच दुकान बांधायला बसला तर नवा रस्ता कुठून काढणार? ही कोंडी १९४४ च्या नगररचना कायद्यानं फोडली. बॉम्बनं उद्ध्वस्त झालेला सलग पट्टा सक्तीनं विकत घ्यायचा अधिकार नगरपालिकेला मिळाला. कॉव्हेंट्रीनं जमीन घेतली, मालकी स्वतःकडे ठेवली आणि दुकानांना भाडेपट्ट्यानं जागा दिली. एवढं मोठं, रस्त्यांपासून दुकानांपर्यंत एकाच हातानं आखलेलं केंद्र उभं राहिलं ते या एका गोष्टीमुळे.

तरी बांधकामाला वेळ लागला. पोलादाचा कोटा आणि बांधकामाचे परवाने सरकारच्या हाती, आणि घरांना अग्रक्रम. १९४६ मध्ये प्रिसिंक्टच्या, म्हणजे केंद्रातल्या नव्या दुकानांच्या भागाच्या, जागी पायाचा दगड बसवला, पण पहिली मोठी इमारत, ब्रॉडगेट हाउस, पुरी व्हायला १९५३ उजाडलं. प्रिसिंक्टची कल्पना साधी होती. मोटारी बाहेर, माणसं आत, आणि मधली वाट अशी आखलेली की समोर कॅथेड्रलचं शिखर दिसावं. व्यापारी घाबरले. दारात गाडी थांबली नाही तर गिऱ्हाईक येईल कसं? म्हणून आडवा रस्ता वाहनांना खुला ठेवायचा बेत बराच काळ होता. १९५५ मध्ये तोही पायी चालणाऱ्यांचा करायचं ठरलं. व्यापाऱ्यांची ही भीती खोटी ठरली, चूक निघाली ती वेगळ्याच ठिकाणी. चेस्टर या जुन्या इंग्रज शहराच्या धर्तीवर दुकानांचे दोन मजले केले होते, खाली एक रांग आणि वर सज्जासारखी दुसरी. हातात पिशव्या असलेला माणूस विनाकारण जिना चढत नाही. वरची दुकानं कायम मागे पडली.

केंद्राला वळसा घालणाऱ्या रिंग रोडचंही असंच. गिब्सन यांच्या मनातला वळसा जमिनीच्या पातळीवरचा होता. प्रत्यक्षात १९६२ पासून टप्प्याटप्प्यानं बांधताना मोटारींची संख्या अपेक्षेच्या कितीतरी पुढे गेली. सुरुवातीच्या टप्प्यातली साधी वर्तुळाकार जंक्शनं मोठ्या प्रवाहाला अपुरी ठरणार हे दिसलं, आणि पुढचा रस्ता उड्डाणपुलांवर आणि खोदलेल्या मार्गांवर गेला. १९७४ मध्ये पूर्ण झालेला हा रस्ता जेमतेम साडेतीन किलोमीटरचा आहे आणि त्यावर नऊ जंक्शनं आहेत. दोन जंक्शनांमधलं अंतर इतकं कमी की आत शिरणाऱ्या आणि बाहेर पडणाऱ्या गाड्यांना एकाच छोट्या पट्ट्यात एकमेकींच्या वाटा कापाव्या लागतात. नवखा चालक तिथे आजही गडबडतो. आत केंद्र शांत झालं खरं, पण भोवतालच्या वस्त्या त्यापासून तुटल्या, आणि पायी येणाऱ्याला भुयारी मार्ग शोधावे लागले.

या सगळ्या काळात कारखाने माणसं ओढतच राहिले. १९५१ च्या जनगणनेत लोकसंख्या अडीच लाखांच्या वर गेलेली दिसते. वेल्स, आयर्लंड, स्कॉटलंड इथून माणसं आली, आणि पंजाबातूनही. इंडियन वर्कर्स असोसिएशनची पहिली शाखा १९३८ मध्ये याच शहरात निघाली होती, फेरीवाल्यांची आणि कारखान्यांत लागलेल्या मूठभर मजुरांची. युद्धानंतर ओतशाळांत आणि मोटार कारखान्यांत येणाऱ्या पुढच्या पिढीला एक तयार संघटना सापडली ती त्यामुळे. आणि १९४४ मध्ये कॉव्हेंट्रीनं स्टालिनग्राडशी भगिनी शहराचं नातं जोडलं, त्याआधी इथल्या ८३० स्त्रियांनी आपापली नावं एका टेबलक्लॉथवर भरतकामानं काढून तिकडे पाठवली होती.