‘ॲक्टिंग करत नाही’ म्हणे! आना मान्यानीबद्दल थोडंसं

नमस्कार मंडळी. पिक्चर लावायच्या आधी पाच मिनिटं मला दिलीयेत आणि कमिटीने घड्याळ समोरच ठेवलंय, त्यामुळे सरळ मुद्द्यावर येतो.

इटालियन हिरॉइन म्हटलं की आपल्या तोंडात पहिलं नाव सोफिया लॉरेनचं. आना मान्यानी त्या पठडीतली नाहीच. डोळ्यांखाली काळी वर्तुळं, केस विस्कटलेले, आणि आवाज असा की गल्लीच्या दुसऱ्या टोकाला ऐकू जावा. जन्म 1908 चा, रोमचा. वडिलांचा पत्ता नाही, आई इजिप्तला निघून गेली, पोरीला वाढवलं आजीने.

आता हिच्याबद्दल जो तो एकच सांगतो, की ती ॲक्टिंग करतच नाही, ती तशीच आहे. मला हे अजिबात पटत नाही. बाई रीतसर रोमच्या नाट्य अकादमीत शिकली, मग पोटासाठी कॅबरेत गायली, आणि युद्धाच्या काळात तोतो नावाच्या जबरदस्त कॉमेडियनबरोबर रिव्ह्यू केले. रिव्ह्यू म्हणजे गाणी, नकला, टिंगलटवाळी सगळं एकत्र, आपल्या वगाच्या जवळपासचं काहीतरी, आणि समोरचं पब्लिक नाही आवडलं तर तोंडावर सांगणारं. तिथे टायमिंग घोटून आलेली बाई कॅमेऱ्यासमोर ‘नॅचरल’ दिसते ती काही फुकटात नाही दिसत.

आजचा पिक्चर ‘रोम, ओपन सिटी’, 1945 चा. जर्मन सैन्य जून 1944 मध्ये रोममधून गेलं आणि पुढच्या वर्षाच्या सुरुवातीला दिग्दर्शक रॉबेर्तो रोसेलिनीने शूटिंग चालू पण केलं, कच्च्या फिल्मची रिळं मिळतील तशी जमवत. त्यात ही पीना, विधवा, पोटुशी, त्याच दिवशी लग्न आहे. होणाऱ्या नवऱ्याला जर्मन सैनिक धरून ट्रकमध्ये कोंबतात, ही त्यांच्या हातून निसटते आणि ‘फ्रांचेस्को!’ ओरडत ट्रकमागे धावते, हात वर, आणि गोळी लागून रस्त्यावर आडवी. बस्स. मरताना लांबलचक डायलॉग नाही, क्लोजअप नाही. छोटा मुलगा येऊन तिच्यावर पडतो तेवढंच. हे हवेतून आलेलं नाही, तेरेझा गुल्लाचे नावाच्या गरोदर बाईला मार्च 1944 मध्ये रोममध्ये असंच मारलं होतं.

रोसेलिनी आणि आना तेव्हा एकत्र होते. मग हॉलिवूडची स्टार इन्ग्रिड बर्गमन आली आणि साहेब तिकडे गेले, तिला घेऊन स्ट्रॉम्बोली बेटावर शूटिंग, तर इकडे आनाने शेजारच्याच वुल्कानो बेटावर दुसरा पिक्चर केला, पेपरवाल्यांची तर चंगळ. (हेच रोसेलिनी 1957 मध्ये भारतात शूटिंग करत होते आणि मुंबईत सोनाली दासगुप्तांबरोबरचं त्यांचं प्रकरण गाजलं, ते इथल्या ज्येष्ठांना जास्त माहीत असेल!)

माझा स्वतःचा आवडता मात्र दिग्दर्शक व्हिस्कोंतीचा ‘बेलिस्सिमा’, 1951. घरोघरी इंजेक्शनं देऊन पैसे जमवणारी आई, पोरीला स्टार करायचंय. मग प्रोजेक्शन रूममधून चोरून बघते तर स्क्रीन टेस्टमध्ये पोरगी रडतेय आणि सिनेमावाले खो खो हसतायत. त्या वेळचा आनाचा चेहरा बघा आणि मग सांगा मला ॲक्टिंग नाही म्हणून.

ऑस्कर मिळालं ‘द रोझ टॅटू’साठी, 1956 च्या समारंभात. ॲक्टिंगचं ऑस्कर मिळवणारी पहिली इटालियन बाई, आणि ती त्या रात्री तिथे हजरच नव्हती. हा पिक्चर ज्या नाटकावरून आला ते अमेरिकन नाटककार टेनेसी विल्यम्सने तिला डोळ्यापुढे ठेवून लिहिलेलं, पण इंग्लिशचा भरवसा नाही म्हणून तिने ब्रॉडवेला, म्हणजे न्यूयॉर्कच्या रंगमंचावर ते करायला, नाही म्हटलं होतं. पुढे दिग्दर्शक पासोलिनीचा ‘माम्मा रोमा’, तो पण जरूर बघा. 1973 मध्ये गेली, शेवटच्या दिवसांत रोसेलिनी परत तिच्याजवळ होता.

घड्याळ दाखवतायत, थांबतो. एकच सूचना, पीना साधारण अर्ध्यावरच जाते, तेव्हा चहाला उठायचंच असेल तर कृपा करून त्याच्या आधी उठून या.